यादीतलं, पण जगात नसलेलं पुस्तक

"आमचं मूल वाचतच नाही हो!" ही तक्रार तुम्ही केली नसेल, तर ऐकली नक्कीच असेल. मूल का वाचत नाही याची कारणं आपण फोनमध्ये शोधतो, टीव्हीत शोधतो, संगतीत शोधतो. मी ज्या मुलीबद्दल सांगणार आहे, तिनं मात्र वाचणं सोडलं ते एका शाळेच्या स्टेजवर, भर सकाळी, चारशे मुलांच्या समोर.

तिची आई छापखान्यात मुद्रितशोधक होती. पुस्तक छापण्याआधी त्याची प्रुफं वाचायची आणि चुका काढायच्या, हे तिचं अठरा वर्षांचं काम. एखादा अनुस्वार सुटला तर तिला घास गोड लागत नसे, म्हणून छापखान्यात तिला सगळे अनुस्वारबाई म्हणत. तिलाही त्याचं काही वाटत नसे.

अक्षरांवर जगणाऱ्या या बाईच्या लेकीचं अक्षरांशीच वाकडं होतं. ध आणि घ, भ आणि म, तिला सगळी जुळी भावंडं वाटत. अकरा वर्षांची झाली तरी ओळीखाली बोट ठेवून वाचायची आणि चौथ्या ओळीला रडकुंडीला यायची. आईनं किती पुस्तकं आणली आणि किती परत ठेवली, याला गणती नव्हती. मग एकदा रद्दीवाल्याकडे एक पुस्तक सापडलं. म्हाताऱ्या गुप्तहेर बाईची गोष्ट, मोठी अक्षरं, मध्ये मध्ये चित्रं, पाठीचं कव्हर गायब. लेकीनं ते तेवीस दिवसांत वाचलं. एकटीनं! शेवटचं पान मिटून ती स्वयंपाकघरात धावत आली. "आई, संपलं! खरंच संपलं!" त्या दिवशी भात करपला आणि दोघींनी तो आनंदानं खाल्ला.

दुसऱ्या दिवशी शाळेत पाहुणे यायचे होते. निवृत्त प्राचार्य. मुलांनी काय वाचावं यावर गावोगाव भाषणं द्यायचे, आणि शाळा त्यांच्या शब्दावर पुस्तकं घ्यायच्या. त्यांनी विचारलं, "सध्या पुस्तक कोण वाचतंय? या वर!" आयुष्यात पहिल्यांदा लेकीचा हात वर गेला. ती स्टेजवर गेली आणि तिनं दप्तरातून आपलं पुस्तक काढलं.

प्राचार्यांनी ते दोन बोटांत धरलं, मेलेला उंदीर धरावा तसं.

"हे? हा कचरा घरी कोण आणतं?"

"आई," लेक म्हणाली.

हॉलभर हशा पिकला. प्राचार्यही हसले, आणि स्टेजच्या कडेच्या टोपलीत त्यांनी ते पुस्तक टाकून दिलं. "बाळांनो, कचऱ्याची जागा कुठे असते?" चारशे मुलं एका सुरात ओरडली, "टोपलीत!"

आई पालकांच्या शेवटच्या रांगेत उभी होती. ती पुढे जाऊ शकली असती. गेली नाही. पायच उचलले नाहीत. घरी आल्यावर लेक एवढंच म्हणाली, "आई, मला आता पुस्तकं आणू नकोस." आणि तेव्हापासून अनुस्वारबाईच्या मनात एकच गोष्ट पक्की झाली: या माणसाला सोडायचं नाही.

राग काही केल्या निवेना. भाजी चिरताना, बसमध्ये उभी असताना ती मनात प्राचार्यांना उत्तरं द्यायची. एकाहून एक झणझणीत. पण ऐकायला समोर कोणी नसायचं.

सहा महिन्यांनी छापखान्याच्या मालकांनी तिच्या टेबलावर एक जाड गठ्ठा ठेवला. "अनुस्वारबाई, नीट बघा हं. मोठं काम आहे. प्रत्येक शाळेत जाणार." वरच्या पानावर लिहिलं होतं: 'मुलांनी काय वाचावे? वयानुसार तीनशे निवडक पुस्तके.' खाली प्राचार्यांचं नाव.

मग ती वाचायला बसली, आणि असं वाचलं की तसं तिनं कधी वाचलं नव्हतं.

दुसऱ्याच दिवशी तिच्या लक्षात आलं की या गृहस्थांनी यातली बरीचशी पुस्तकं उघडलेलीही नाहीत! एकच पुस्तक दोनदा आलं होतं, एकदा आठ वर्षांच्या मुलांसाठी 'विनोदी', एकदा बारा वर्षांच्या मुलांसाठी 'करुण'. कुठे कव्हरावरचा मजकूर जसाच्या तसा उतरवलेला. आणि 'पाण्याचा प्रवास' या पुस्तकापुढे लिहिलं होतं: 'परीकथेच्या अंगानं जाणारी तरल कथा.' ते पुस्तक तिनंच सात वर्षांपूर्वी तपासलं होतं. नळजोडणी शिकणाऱ्यांसाठीची पुस्तिका होती ती. त्यात परी तर सोडाच, पान बेचाळीसवर गळक्या पाइपाचा फोटो होता.

एवढं सगळं असूनही तिनं आधी सरळ वाट धरली, हे तिच्या बाजूनं सांगायला हवं. तिनं समासात पेन्सिलीनं लिहिलं: 'हे पुस्तक नळजोडणीविषयी आहे. कृपया तपासावे.' प्रुफं प्राचार्यांकडे जाऊन परत आली. तिच्या ओळीखाली लाल शाईत उत्तर होतं: 'मुद्रितशोधकाने काना-मात्रा पाहाव्यात. आशयात नाक खुपसू नये.'

तिनं ती लाल ओळ तीनदा वाचली. एकही अनुस्वार चुकला नव्हता.

"बरं," ती स्वतःशीच म्हणाली. "काना-मात्राच पाहते."

शेवटच्या प्रुफात, बारा ते चौदा वयोगटात, एकसष्टाव्या पानावर तिनं एक दुबार आलेलं नाव काढलं आणि तिथे एक पुस्तक घातलं. असं पुस्तक जगात नव्हतं. नाव दिलं 'अर्धं वाक्य'. लेखिकेच्या जागी तिच्या वारलेल्या आत्याचं नाव टाकलं. आणि पुस्तकाची ओळख म्हणून दोन ओळी लिहिल्या: 'बोलताना अडखळणाऱ्या मुलीची गोष्ट. शेवटी ती सगळ्यांसमोर अडखळत अडखळतच बोलते, आणि कुणीही हसत नाही.'

प्रुफं सहीसाठी गेली. प्राचार्यांनी प्रत्येक पानावर 'ठीक' लिहून सही केली. एकसष्टाव्या पानावरही! तो कागद तिनं घडी न घालता, पुठ्ठ्यात ठेवून घरी नेला. सोन्याचा दागिना असता तरी एवढा जपला नसता.

प्रकाशनाच्या समारंभाला ती गेली. प्राचार्य रंगात आले होते. "आता हे 'अर्धं वाक्य' घ्या. मी स्वतः तीन वेळा वाचलं. शेवटच्या पानाला प्रत्येक वेळी डोळे पाणावले!" लोकांनी टाळ्या वाजवल्या. अनुस्वारबाईनं तर सगळ्यात जोरात वाजवल्या. तळवे लाल झाले तरी ती थांबेना.

आता फक्त एका दिवसाची वाट बघायची होती. दोन महिन्यांनी लेकीच्याच शाळेत, त्याच हॉलमध्ये प्राचार्यांचा सत्कार व्हायचा होता. त्या दिवशी ती उठणार होती आणि अगदी नम्रपणे विचारणार होती, "सर, त्या पुस्तकाच्या शेवटच्या पानावर काय आहे हो?" त्यांना बोलू द्यायचं. चांगलं लांबू द्यायचं. आणि मग सही केलेला कागद बाहेर काढायचा. ती आरशासमोर सराव करायची. लेक दारातून बघायची. "आई, हल्ली तू एकटीच का हसतेस?"

"असंच गं," आई म्हणायची.

अशात एके दुपारी छापखान्यात फोन आला. सार्वजनिक ग्रंथालयातून. तिथल्या ग्रंथपाल बाईंना सगळं गाव मावशीच म्हणायचं. वय झालेलं, बोलणं मोजकं आणि सडेतोड. "अगं, ते 'अर्धं वाक्य' कुणी काढलंय? प्रकाशकाचं नाव दिलेलंच नाही. माझ्याकडे एक मुलगी तिसऱ्यांदा आलीय. बसलीय समोर. मालकांना विचारून सांगतेस का?"

"बघते," म्हणून तिनं फोन ठेवला. पण तिला काम सुचेना. संध्याकाळी ती स्वतःच ग्रंथालयात गेली.

मुलगी अजून बसलेली होती. चौदा वर्षांची असेल. लांब वेणी, मांडीवर प्राचार्यांची ती तीनशे पुस्तकांची मार्गदर्शिका, एकसष्टाव्या पानाचा कोपरा दुमडून दुमडून फाटायला आलेला. अनुस्वारबाईनं विचारलं, "हेच पुस्तक कशाला हवंय तुला?" मुलीनं तोंड उघडलं. ओठ हलले, मान ताठली, पण आवाज फुटेना. मग तिनं खिशातून चिठ्ठ्यांचा गठ्ठा काढून लिहिलं: 'ही माझी गोष्ट आहे.'

मावशी हळूच म्हणाल्या, "नऊ ठिकाणी जाऊन आलीय. दुकानं, शाळा, ग्रंथालयं. प्रत्येक ठिकाणी चिठ्ठी दाखवायची नाही, तोंडानं मागायचं, असं हिनंच ठरवलं होतं. पुस्तकातली मुलगी बोलते ना, म्हणून. प्रत्येक काउंटरवर 'अ... अ... अ...' करत उभी राहिली. एका दुकानात नोकर खो खो हसले. दुसऱ्या ठिकाणी म्हणाले, आधी नीट बोलायला शीक, मग वाच."

मुलीनं एक पत्र पुढे केलं. तिनं प्राचार्यांना पुस्तक कुठे मिळेल असं विचारलं होतं. त्यांचं उत्तर आलं होतं: 'पुस्तक अप्रतिम आहे. चिकाटीने शोध. शोधणाऱ्याला सापडते.'

अनुस्वारबाईच्या कानांत गरम शिसं ओतल्यासारखं झालं. नऊ काउंटर! तिनं टेबलाशी बसून, चहा पीत पीत, दोन मिनिटांत लिहिलेल्या दोन ओळी! मुलांच्या मोठ्या अक्षरांच्या पुस्तकांपाशी, बुटक्या खुर्च्यांच्या मध्ये ती मटकन खाली बसली, आणि तिनं सगळं सांगून टाकलं. पुस्तक नाही. कधीच नव्हतं. मी घातलं.

मुलीनं चिठ्ठ्यांचा गठ्ठा पुढे ओढला. मग तिनं लिहिलं. पेन्सिलीचं टोक मोडलं, तरी मोडक्या टोकानंच रेघ ओढत पुरं केलं: 'म्हणजे शेवटी कुणी हसत नाही, हे पण खोटं?'

चिठ्ठी टेबलावर ठेवून ती निघून गेली.

"मावशी, मी काय करणार होते?" अनुस्वारबाई रडत म्हणाली. "त्यानं माझ्या लेकीला भर स्टेजवर..."

"माहितीय मला," मावशी म्हणाल्या. "तुझा राग खोटा नाहीच. तो माणूस न वाचता मुलांना पुस्तकं वाटतो. रोग्याला न तपासता औषध देण्यातला प्रकार आहे तो. पण तू काय केलंस? त्याच औषधाच्या पेटीत तू आणखी एक खोटी बाटली ठेवलीस. का, तर वैद्याची फजिती व्हावी! बाटली प्यायला कोण येणार होतं, हा विचार केलास?"

"नाही केला."

"तोही करत नाही. सांग, तुझ्यात आणि त्याच्यात फरक कितीसा?"

हा घाव वर्मी बसला. तिला वाटत होतं, ती लेकीसाठी भांडतेय. पण यादी घेऊन ज्या मुलाला पुस्तक शोधायचं होतं, ते मूल दोघांच्याही हिशेबात कधी नव्हतंच.

"मग सोडून देऊ त्याला?" तिनं विचारलं.

"छे! सोडायचं कशाला? त्या याद्या शाळाशाळांत पडल्यात. बोललंच पाहिजे. पण आधी स्वतःला पकडून दे. मग त्याला धर."

सत्काराचा दिवस आला. तोच हॉल, तीच चारशे मुलं, मुलांच्या सातव्या रांगेत लेक. प्राचार्यांचं कौतुक झाल्यावर "कुणाला काही विचारायचंय?" अशी हाक आली, आणि अनुस्वारबाई उठली. या वेळी पाय उचलले. माइक हातात आला तेव्हा घशाशी तोच घोकलेला प्रश्न आला होता. किती गोड प्रश्न! तिनं तो गिळला.

"मी या मार्गदर्शिकेची प्रुफं तपासली," ती म्हणाली. "त्यात 'अर्धं वाक्य' नावाचं पुस्तक आहे. ते पुस्तक जगात नाही. मी सूड म्हणून घातलं. ते शोधत एक मुलगी नऊ ठिकाणी हसं करून घेत फिरली. हा माझा गुन्हा आहे आणि मी तिची माफी मागते."

मग तिनं पुठ्ठ्यातून सही केलेला कागद काढून वर धरला.

"आणि सर, या पानावर तुमची सही आहे. तुम्ही हे पुस्तक तीन वेळा वाचल्याचं सांगितलंत. तुम्ही त्या मुलीला पत्र लिहिलंत की शोधत राहा. न वाचलेल्या पुस्तकाच्या मागे तुम्ही एका मुलीला पाठवलंत. का?"

आधी कुणीतरी फस्सकन हसलं. मग सगळीकडून हशा उसळला. प्राचार्यांचे कान लालबुंद झाले. हाच तो क्षण, ज्यासाठी ती इतके दिवस जगली होती! आणि खोटं कशाला सांगू, क्षणभर तो तिला साखरेसारखा लागला. पण मग मुलांच्या रांगेकडे तिची नजर गेली. चारशे मुलं हसत होती. एकटी तिची लेक हसत नव्हती. तिनं कानांवर हात ठेवले होते.

"हसू नका!" आई माइकवर ओरडली. "बास! कुणीही हसू नका!"

हसू थांबायला वेळ लागला. प्राचार्य उभे होते. ते काहीतरी जोरात बोलणार, पोलिसांत जाण्याची भाषा करणार, असंच सगळ्यांना वाटलं. पण ते माइक न घेता म्हणाले, "तीनशेपैकी मी एकोणतीस वाचली आहेत." आणि बाजूच्या दारानं निघून गेले. त्यांनी पुढे मार्गदर्शिका सगळ्या शाळांतून परत मागवली, एवढं त्यांच्या बाजूनंही सांगायला हवं.

अनुस्वारबाईची नोकरी गेली. मालक चिडलेही नाहीत, तेच तिला जास्त लागलं. "तुमच्या हातून एक टिंब कधी सुटलं नाही, म्हणून मी डोळे झाकून छापत होतो," ते म्हणाले. "आता डोळे झाकू कसे?" आपलं भिंग पिशवीत घालून ती बाहेर पडली. लेकीनं घरी पाणी आणून दिलं आणि म्हणाली, "आई, तुझा आवाज किती कापत होता! पण बोललीस."

पंधरा दिवसांनी मावशींनी निरोप धाडला. लांब वेणीची मुलगी ग्रंथालयात आली होती. अनुस्वारबाई धावत गेली. मुलीनं चिठ्ठी आधीच लिहून ठेवली होती: 'मी नऊ ठिकाणी गेले. आता तुम्ही जा. माझ्यासाठी पुस्तक शोधा. खरं.'

हा तिचा सूड होता, आणि तिचा हक्कच होता!

अनुस्वारबाई निघाली. प्रत्येक काउंटरवर उभी राहिली, पुस्तकं चाळली, वाचली, रात्रीचं जेवण करपवलं, आणि एकेक करून मुलीपुढे आणून ठेवली. पहिलं पुस्तक अडखळणाऱ्या मुलीचंच होतं. आपण नेमकं शोधलं म्हणून ती खूश होती. चिठ्ठी आली: 'शेवटी ती बरी होते. मग माझं काय?' दुसऱ्यावर शेरा होता: 'यात सगळी मुलं शहाण्या म्हाताऱ्यांसारखी बोलतात.' तिसरं: 'लेखकाला माझी कीव येते.' चौथं आणि पाचवं न बोलता परत. लेकही आता ग्रंथालयात येऊ लागली होती, कारण तिथे तिला कुणी वाच म्हणत नव्हतं. ती फक्त अक्षरं किती बारीक आहेत ते बघायची आणि म्हणायची, "हे नको, डोळे भांडतात." सहाव्या पुस्तकाचं पहिलं प्रकरण मात्र तिनं बोट ठेवून पुरं वाचलं, आणि कुणालाही काही न सांगता दुसरं उघडलं.

सातवं पुस्तक अनुस्वारबाईनं चुकून आणलं. पाणबुड्यांबद्दलचं होतं, खोल समुद्रात बुडालेली जहाजं शोधणाऱ्यांबद्दल. त्यात ना मुलगी, ना अडखळणं. परत करायच्या गठ्ठ्यात ते ठेवलं होतं, तिथून मुलीनं उचललं. ते तिनं चार वेळा मुदत वाढवून ठेवून घेतलं. काय आवडलं, असं मावशींनी विचारलं, तेव्हा तिनं चिठ्ठ्यांचा गठ्ठा बाजूला सारला. वेळ लागला. मावशी आणि अनुस्वारबाई थांबल्या.

"प... पाण्याखाली," ती म्हणाली, "कु... कुणालाच ब... बोलता येत नाही. स... सगळे खुणा करतात. आणि तरी ज... जहाज सापडतं."

हे कोणत्या मार्गदर्शकाच्या यादीत लिहिलेलं असणार होतं?

वाचकहो, आज त्या ग्रंथालयात एक पातळ वही टांगलेली आहे. तीनशे नाही, एक्केचाळीसच पुस्तकं आहेत तिच्यात. प्रत्येक पुस्तकापुढे ते कुणी वाचलं, त्याचं वय किती, आणि कुठल्या पानावर कंटाळा आला, हे मुलांच्याच हातानं लिहिलेलं आहे. मोठ्यांनी लिहायचं असेल तर आधी पुस्तक पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचावं लागतं. मावशी मधलंच पान उघडून प्रश्न विचारतात. अनुस्वारबाई आता घरी बसून प्रुफं तपासते आणि दर शनिवारी वहीतले अनुस्वार दुरुस्त करायला जाते. प्राचार्यांवरचा तिचा राग पुरता गेलेला नाही, आणि ती तसं सांगतेही. पण त्या रागाचा काटा ती आता मुलांच्या पुस्तकांत रुतू देत नाही.

मुलाच्या हातात पुस्तक देणं म्हणजे आपला मान, आपली विद्वत्ता, आपला राग त्याच्या हातात देणं नव्हे. आधी आपण वाचावं. मग मुलाला विचारावं. त्यानं 'नाही' म्हटलं तर दुसरं पुस्तक आणावं, आणि तिसरं, आणि सातवं. आणि त्यानं हात वर करून, धडधडत्या छातीनं आपलं पुस्तक दाखवलं, तर ते कसंही असो, दोन्ही हातांनी घ्यावं.

वहीतली सगळ्यात नवी नोंद पाणबुड्यांच्या पुस्तकापुढे, लांब वेणीच्या मुलीच्या अक्षरात आहे: 'पहिली तीस पानं कंटाळा येईल. सोडू नका. वय: मला पंधरा पूर्ण. न समजलं तर मी शनिवारी असते, विचारा. बोलायला वेळ लागतो, थांबा.'